‘जंताची गोळी’, पण कोणत्या जंताची?

राष्ट्रीय जंतनाशक दिनी चिखलदऱ्याच्या अंगणवाडीत पोरं अल्बेंडाझोल चावून खातात: ४०० मिलिग्रॅम, दोन वर्षांखालच्यांना अर्धी गोळी. ‘जंत’ शब्द एकच, प्राणी मात्र वेगवेगळे. म्हणून मोझर, शिंडलर आणि कायझर यांचा बीएमजेमधला २०१७चा आढावा वाचाच.

प्रत्येक कृमीचा हिशोब वेगळा ठेवला, हे या पेपरचं बळ. अल्बेंडाझोलच्या एका डोसने गोलकृमीचे ९५.७ टक्के रुग्ण बरे झाले, अंकुशकृमीचे ७९.५, चाबूककृमीचे फक्त ३०.७. मेबेंडाझोलचा एक डोस अंकुशकृमीवर ३२.५ टक्क्यांवरच थांबतो. आणि रक्त पितो तो अंकुशकृमीच! म्हणजे ॲनिमिया असलेल्या पोरीसाठी या दोन गोळ्या सारख्या नाहीत.

मर्यादा कुठे? इथे ‘बरा झाला’ म्हणजे शौचाच्या नमुन्यात अंडी दिसली नाहीत, एवढंच. हिमोग्लोबिन वाढलं का, हे त्यातून कळत नाही.

तेव्हा मेळघाटवर सिनॉप्सिस लिहायला बसाल, तर आधी तीन गोष्टी लिहा: कोणता कृमी, कोणतं औषध, नेमकं काय मोजणार. नाहीतर तक्त्यात टक्के छान दिसतील, अन् पोरगी तशीच फिक्कट राहील.