ग्रुंडगेन्सचा मेफिस्टो आणि जर्मन अभिनयाची दुसरी वाट

जर्मन रंगभूमीचा विषय निघाला की आपल्याकडे बोलणे ब्रेख्तवर येऊन थांबते. ‘अजब न्याय वर्तुळाचा’ आणि ‘तीन पैशाचा तमाशा’नंतर तो मराठी नाटकवाल्यांना घरचाच झाला. पण विसाव्या शतकातल्या जर्मन अभिनयाला आणखी एक मोठी वाट होती, गुस्टाफ ग्रुंडगेन्सची. तिच्याकडे आपण फारसे वळलो नाही.

१८९९ साली ड्युसेलडॉर्फला जन्मलेला हा नट १९३२ मध्ये बर्लिनच्या राज्य नाट्यगृहात गटेच्या ‘फाउस्ट’मधला सैतान मेफिस्टो म्हणून उभा राहिला आणि ती भूमिका त्याला जन्मभर चिकटली. नाझी आले, अनेक कलावंत परागंदा झाले. हा राहिला, आणि नाझी नेता गोअरिंगच्या मर्जीने १९३४ मध्ये त्याच नाट्यगृहाचा प्रमुख झाला. एके काळचा मेहुणा क्लाऊस मान याने १९३६ मध्ये ‘मेफिस्टो’ कादंबरी लिहून त्याचा हिशेब मांडला. पश्चिम जर्मनीत त्या कादंबरीवरची बंदी १९७१ मध्ये सर्वोच्च पातळीवर कायम राहिली.

कादंबरीने नटाला झाकून टाकले, हे मात्र बरे झाले नाही. त्याच्या ‘फाउस्ट’च्या हॅम्बुर्गमधल्या प्रयोगावरून १९६० साली केलेला चित्रपट उपलब्ध आहे. पांढराफटक चेहरा, वर खेचलेल्या भुवया, आणि बोलणे असे की वृत्त कुठे मोडत नाही, तरी प्रत्येक ओळ त्या क्षणी सुचल्यासारखी वाटते. एक हालचाल वाया जात नाही. भूमिकेत विरघळणारा हा नट नव्हे. अलिप्तता ब्रेख्तच्या नटाकडेही असते, पण ती प्रेक्षकाने न्याय करावा म्हणून. ग्रुंडगेन्सची अलिप्तता नटाला सुरक्षित ठेवते. त्याचा सैतान इतका हुशार आणि देखणा आहे की त्याची भीतीच वाटत नाही, आणि विल क्वाडफ्लीगचा फाउस्ट बिचारा कोपऱ्यात जातो. नाटकाचा तोल बिघडतो, तो इथे.

तरी या दोन वाटांमध्ये भिंत नव्हती. ब्रेख्तचा कम्युनिस्ट नट एर्न्स्ट बुश नाझींच्या तावडीत सापडला, तेव्हा त्याचा जीव वाचवायला ग्रुंडगेन्सने वजन खर्च केले. युद्धानंतर ग्रुंडगेन्स सोव्हिएत छावणीत अडकला, तेव्हा बुश त्याच्या बाजूने बोलला. हाच बुश पुढे ब्रेख्तच्या बर्लिनर आन्सांब्ल या नाट्यसंस्थेत ‘अजब न्याय वर्तुळाचा’च्या मूळ नाटकातला न्यायाधीश अझडाक झाला. आणि ब्रेख्तच्या ‘कत्तलखान्यांची संत योहाना’चा रंगमंचावरचा पहिला प्रयोग १९५९ मध्ये हॅम्बुर्गला केला तो ग्रुंडगेन्सनेच.

१९६३ मध्ये तो मनिलात वारला. पाच-सात वर्षांत नव्या पिढीने त्याची घडीव शैली सत्तेची मिंधी ठरवून मोडीत काढली. त्या रागाला कारण होते. पण त्याबरोबर पद्य बोलण्याची तालीमही गेली, आणि आज संहितेचे तुकडे करून मायक्रोफोनवर बोलणाऱ्या जर्मन प्रयोगांत ती उणीव ऐकू येते. माणूस म्हणून त्याला माफ करायचे की नाही, हे जर्मनांनी ठरवावे. आपल्या नटांनी तो चित्रपट एकदा डोळे मिटून, नुसता ऐकावा.