वळ आणि अबोला

‘श्यामची आई’मधली (१९३५) आई मारते, हे आपण सोयीस्कर विसरतो. पोहण्याच्या भीतीने लपलेल्या श्यामला ती शिंपटीने बडवते. (आमच्या खडवलीला भातसेत भित्री पोरे अजून अशीच उतरवतात.) पण तो पोहून आल्यावर तीच वळांवरून हात फिरवते, का मारले ते सांगते. मार तिथे संपतो.

सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या ‘दोघी’त (१९९५) मला जे सलते ते मारण्यातले नाही. लग्नाच्याच दिवशी नवरदेवाकडची माणसे अपघातात जातात, गौरी अपशकुनी ठरते. घर चालेना म्हणून मामाच्या सल्ल्याने आई तिला मुंबईच्या देहबाजारात धाडते, तिच्या पैशावर जगते. आणि धाकट्या कृष्णाच्या लग्नाला ती आली, की शुभकार्यापासून तिला लांब ठेवते. उत्तरा बावकरांनी ही आई खलनायिका होऊ दिलेली नाही, म्हणूनच ती जास्त बोचते. दारिद्र्य, गावाची जीभ, सारे खरे. तरी रेणुका दफ्तरदारांची गौरी आपल्याच घरात अंग चोरून वावरते, ते गावामुळे नव्हे. आई तिच्याकडे बघत नाही.

या चित्रपटात रूढी आणि गरिबी शोधून आपण थांबतो, ते मला अपुरे वाटते. आईने सोडलेला हात कृष्णा धरते. ती स्वतः अजून पोरच आहे.