काळाचे विद्यापीठ आणि इब्राहिमखान गारदी

केवळ काळाचा अभ्यास करणारे विद्यापीठ पुण्यात नाही. पण तशी कल्पना करून पाहायला हरकत नाही. एका दालनात भौतिकशास्त्रज्ञ, शेजारच्या दालनात इतिहासकार आणि मधले दार सदैव उघडे. डॉ. जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा म्हणजे अशा विद्यापीठातला एक तासच होय. नारळीकरांचे २० मे २०२५ रोजी पुण्यात निधन झाले. १९८८ साली पुणे विद्यापीठाच्या आवारात स्थापन झालेल्या ‘आयुका’चे ते संस्थापक संचालक. मात्र मराठी वाचकाने त्यांना त्याआधीच कथाकार म्हणून स्वीकारले होते. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा नारायण विनायक जगताप या टोपणनावाने पाठवली आणि तिला पहिले बक्षीस मिळाले.

गंगाधरपंतांची कथा ‘द अ‍ॅडव्हेंचर’ या नावाने एनसीईआरटीच्या अकरावीच्या ‘हॉर्नबिल’ या इंग्रजी पुस्तकात आली आणि देशभरातल्या मुलांपर्यंत पोहोचली. या लेखात मी त्या पाठाचाच विचार केला आहे.

प्रा. गंगाधरपंत गायतोंडे हे पुण्याचे इतिहासकार. पानिपतचा निकाल उलटा लागला असता तर काय झाले असते, या विचारात असताना त्यांची ट्रकशी टक्कर होते आणि ते अशा जगात पोहोचतात, जिथे मराठे पानिपत जिंकले आहेत. त्या जगात मुंबई तेवढी भाडेपट्ट्याने इंग्रजांकडे आहे. पंत टाउन हॉलच्या ग्रंथालयात स्वतःच लिहिलेले इतिहासाचे खंड चाळतात. पाचव्या खंडात त्यांना इतिहासाचे वळण सापडते. विश्वासरावांना लागलेली गोळी तिथे त्यांना चाटून गेलेली असते. पुढे आझाद मैदानावर अध्यक्षांची रिकामी खुर्ची पाहून ते व्यासपीठावर चढतात, श्रोत्यांचा रोष ओढवून घेतात आणि आपल्या जगात परत येतात. खिशात मात्र त्या जगातल्या बखरीचे फाटके पान असते. राजेंद्र देशपांडे हा त्यांचा मित्र पुंजसिद्धांताच्या आधारे त्यांना समजावतो की, वास्तव एकच असते असे नाही. आपण त्यातले एकच अनुभवत असतो.

ही कथा आपल्या वाचकांनी आवर्जून वाचावी. विजयाची कथा असूनही तिच्यात द्वेषाचा लवलेश नाही. पानिपत जिंकलेल्या त्या जगात दिल्लीचा बादशहा नामधारी का होईना, पण कायम आहे. पंतांना प्रवासात भेटतात ते खानसाहेब. ते व्यापारासाठी पेशावरला निघाले आहेत. मुंबईहून दिल्ली, मग लाहोर, मग पेशावर, असा त्यांचा मार्ग आहे. फाळणीचा शब्दही न उच्चारता नारळीकरांनी रेल्वेच्या एका मार्गातून फाळणी न झालेला देश उभा केला. त्या अनोळखी जगात इतिहासकाराला वाट समजावून सांगणारा माणूस मुसलमान आहे, हेही विसरता येत नाही.

तरीही एक प्रश्न उरतोच. मी ही कथा माझ्या वर्गात उर्दूतून सांगितली, तेव्हा एका मुलीने विचारले, ‘‘टीचर, उस दुनिया में इब्राहिमखान ज़िंदा रहे क्या?’’ मी पाठ पुन्हा वाचला. विश्वासराव आहेत, भाऊसाहेबांची बखर आहे. इब्राहिमखान गारदी कुठेच नाहीत.

इब्राहिमखान दख्खनमध्ये फ्रेंच सेनानी बुसीच्या हाताखाली नव्या युद्धपद्धतीत तयार झाले आणि पुढे सदाशिवरावभाऊंच्या सैन्यात आले. १४ जानेवारी १७६१ रोजी त्यांच्या शिस्तबद्ध पायदळाने आणि तोफांनी रोहिल्यांना रोखून धरले. ते जखमी अवस्थेत पकडले गेले आणि नंतर मारले गेले. समोर अब्दाली होता, नजीबखान होता, शुजाउद्दौला होता. धर्म एक असूनही इब्राहिमखानांनी आपला धनी सोडला नाही.

एवढ्याशा कथेत प्रत्येक सरदार यायलाच हवा असा आग्रह कुणी धरू नये. माझा आक्षेप आपल्या माणसाचे नाव गाळले एवढ्यापुरता नाही. तो कथेच्या तर्काविषयी आहे. कथेतले विजयी मराठे युरोपात उगवणारे तंत्रयुग ओळखतात, विज्ञान व तंत्रज्ञानाची केंद्रे उभारतात, परकीय तज्ज्ञांची मदत स्वावलंबी होण्यापुरतीच घेतात. कथेतला हिंदुस्थान घडतो तो यामुळे. पण ही दृष्टी विजयानंतर अचानक आली असे का मानायचे? आपल्या खऱ्याखुऱ्या जगात, पराभवाच्याच दिवशी, ती रणांगणावर उभी होती आणि तिचे नाव इब्राहिमखान होते. परकीयांकडून तंत्र शिकून ते इथल्या मातीसाठी वापरणारा माणूस भाऊंनी जवळ केला होता. तो कथेत आला असता तर गोळी चुकणे आणि देश बदलणे यांच्यामधला दुवा भक्कम झाला असता. राजपुत्र वाचल्याने घराणे टिकते. देश पुढे जाण्यासाठी तंत्र जाणणारी माणसेही वाचावी लागतात.

पुण्यात हा प्रश्न अधिकच बोचतो. इथे ‘गारदी’ म्हटले की शनिवारवाडा आणि ३० ऑगस्ट १७७३ रोजी झालेला नारायणराव पेशव्यांचा खून आठवतो. त्या कटात सुमेरसिंग होता, तुळाजी पवारही होता. कट सर्व जातिधर्मांच्या माणसांचा होता, पण शब्द डागाळला तो कायमचा. पानिपतावर पडलेले गारदी त्या डागाखाली झाकले गेले. विश्वास पाटील यांच्या ‘पानिपत’ (१९८८) या कादंबरीने इब्राहिमखानांना न्याय दिला, याबद्दल आपण कृतज्ञ असले पाहिजे.

काळाच्या विद्यापीठाची कल्पना आपल्या परंपरेलाही परकी नाही. अल्-बिरुनीने सुमारे हजार वर्षांपूर्वी अनेक समाजांच्या कालगणना शेजारी शेजारी मांडून तपासल्या. तो खगोलशास्त्रज्ञही होता आणि इतिहासकारही. म्हणजे ती दोन्ही दालने एकाच माणसात होती. मी फळ्यावर पानिपतचे वर्ष तीन प्रकारे लिहिते : इसवी १७६१, शके १६८२, हिजरी ११७४. दिवस एकच, नोंदी तीन. त्यांतली कुठलीही एक पुसली तर मुलांचे ज्ञान तेवढे कमी होते.

नारळीकरांनी ‘असे झाले असते तर’ हा प्रश्न मराठी कथेत प्रतिष्ठेने आणला. तो पुढे विचारण्याची जबाबदारी आता आपली आहे. मुस्लिम मराठी लेखकांनी आजवर भोगलेले वास्तव प्रामाणिकपणे लिहिले. न घडलेल्या इतिहासाकडे मात्र आपण फारसे वळलो नाही. इब्राहिमखान त्या संध्याकाळी वाचले असते तर त्यांनी पुण्यात कोणती शाळा काढली असती आणि तिथे कोणाची मुले शिकली असती? ही कथा अजून लिहायची आहे आणि ती आपल्यापैकीच कुणीतरी लिहावी.