'राहणार' आणि 'हल्ली मुक्काम' : विशेष विवाह अधिनियमातील निवासविषयक पदांची चिकित्सा

१

कायद्याच्या संहितेचे परीक्षण हे विधिज्ञांचे क्षेत्र मानले जाते आणि ते योग्यही आहे. परंतु एखाद्या कलमाचा निर्वाह जेव्हा एकाच क्रियापदाच्या अर्थावर अवलंबून असतो, तेव्हा भाषाभ्यासकाने त्या वाटेस जाऊ नये असे म्हणता येणार नाही. १९५४ च्या विशेष विवाह अधिनियमात असे एक क्रियापद आहे. ते म्हणजे 'राहणे'. आपल्या राज्याबाहेर विवाह करू इच्छिणाऱ्या वधूवरांनी कोणत्या कचेरीत जावे, तेथे किती दिवस थांबावे आणि त्यांच्या विवाहाची वार्ता कोणकोणत्या गावी लागावी, या तिन्ही प्रश्नांची उत्तरे या क्रियापदाच्या अर्थनिश्चितीतून मिळतात. अधिनियमाच्या इंग्रजी संहितेतील निवासविषयक पदे वेगळी करून दाखविणे आणि आपल्या कचेरीभाषेत शिरताना त्यांचा अर्थ कसा पालटतो हे तपासणे, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

२

प्रथम एक सार्वत्रिक समज दूर केला पाहिजे. 'परराज्यात विवाह' असे आपण बोलतो. परंतु या अधिनियमाच्या विवाहपूर्व अटींत 'स्वराज्य' आणि 'परराज्य' हा भेद नाही. तेथील एकक जिल्हा हे आहे. सोलापूरच्या वधूवरांनी पुण्यास विवाह करणे आणि विजापुरास विवाह करणे यांत पाचव्या व सहाव्या कलमांच्या दृष्टीने काहीही अंतर नाही. पहिले स्थळ स्वभाषिकांचे आणि दुसरे परभाषिकांचे, ही जाणीव लोकव्यवहारातील आहे.

'अधिवास' या शब्दाचीही येथे गरज नाही. शाळा-महाविद्यालयांतील प्रवेशासाठी लागणारा अधिवासाचा दाखला आपल्या परिचयाचा असल्याने विवाहासही तो लागत असावा असा ग्रह होतो. वस्तुतः भारतीय नागरिकाला भारताचा असा एकच अधिवास असतो, राज्याचा वेगळा अधिवास नसतो, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये प्रदीप जैन खटल्यात सांगितले आहे. राज्य या प्रक्रियेत येते ते निराळ्या दाराने. पन्नासाव्या कलमान्वये राज्य सरकारांना नियम करता येतात. त्यामुळे अर्जांचे नमुने, शुल्क आणि पुराव्याचे कागद राज्यपरत्वे बदलतात.

राज्य हेच एकक मानणारी संहिता पाहावयाची तर २७ जानेवारी २०२५ पासून अमलात आलेल्या उत्तराखंडाच्या समान नागरी संहितेकडे वळावे लागते. ती राज्याबाहेर राहणाऱ्या उत्तराखंडवासीयांनाही लागू केलेली आहे. म्हणजे तेथे माणसाने राज्य सोडले तरी राज्याचा कायदा त्याच्यासोबत चालतो. १९५४ च्या अधिनियमाची कल्पना याहून साधी होती : जेथे माणूस राहतो, तेथील अधिकाऱ्याकडे त्याने जावे.

३

आता मूळ पदांकडे वळू. पाचव्या कलमात असे सांगितले आहे की, विवाहाची लेखी नोटीस ज्या जिल्ह्याच्या विवाह अधिकाऱ्याकडे द्यावयाची, त्या जिल्ह्यात दोघांपैकी निदान एक पक्ष नोटिशीच्या लगतपूर्वी किमान तीस दिवस राहिलेला असला पाहिजे. येथे इंग्रजीत 'रिझाइड' या धातूचे पूर्णकालिक रूप योजिले आहे. त्याचा काटेकोर मराठी पर्याय 'राहत आलेला असणे' हा होय. ही अट दिवसांनी मोजता येते. तीत मनुष्याच्या हेतूची चौकशी नाही, त्याच्या कुळाची नाही, भाषेची नाही. १८७२ च्या जुन्या विशेष विवाह कायद्यातही निवासाची अट अशीच दिवसांची होती. फक्त दिवस चौदा होते.

सहाव्या कलमात तीन गोष्टी आहेत. पहिल्या उपकलमाप्रमाणे नोटिशीची नक्कल नोंदवहीत उतरली जाते व ती वही कोणासही विनाशुल्क पाहता येते. दुसऱ्याप्रमाणे नोटिशीची प्रत कचेरीतील ठळक जागी लावली जाते. तिसरे उपकलम आपल्या विषयाच्या मर्माशी आहे. दोघांपैकी कोणीही त्या जिल्ह्यात 'पर्मनंटली', म्हणजे कायमपणे, राहत नसेल, तर तो जेथे कायमपणे राहत असेल त्या जिल्ह्याच्या विवाह अधिकाऱ्याकडे नोटिशीची प्रत धाडावयाची, आणि त्यानेही ती आपल्या कचेरीत लावावयाची. धातू तोच आहे. परंतु रूप चालू काळाचे आहे आणि त्यास एक क्रियाविशेषण जोडले आहे. पाचव्या कलमातील राहणे दिवसांत मोजले जाते. येथील राहण्यास स्थैर्याचे माप लावले आहे. 'कायमपणे' म्हणजे काय, याची व्याख्या अधिनियमात दिलेली नाही.

तिसरे पद दुसऱ्या अनुसूचीत, नोटिशीच्या नमुन्यात आढळते. त्यात नाव, वैवाहिक स्थिती, व्यवसाय आणि वय यांच्यानंतर राहण्याच्या ठिकाणाचा रकाना आहे. त्याच्या पुढचा रकाना बारकाईने वाचण्यासारखा आहे : सध्याचे ठिकाण कायमचे नसेल तर कायमचे ठिकाण. शेवटी निवासाचा काळ विचारला आहे. दुसरा रकाना सशर्त आहे, ही गोष्ट सहज नजरेतून निसटते. सध्याचे ठिकाण हेच कायमचे असू शकते असे संहिता गृहीत धरते, आणि तसे असेल तर तो रकाना रिकामा राहणे हेच त्याचे योग्य उत्तर होय.

४

मराठी कागदपत्रांची परंपरा या बाबतीत गरीब नाही. जुन्या खतांत आणि दाव्यांच्या कागदांत पक्षकाराचे वर्णन 'रा. वाई, हल्ली मु. मुंबई' अशा रीतीने येते. 'राहणार' हा शब्द मूळ ठिकाण दाखवितो आणि 'हल्ली मुक्काम' वर्तमान ठिकाण. पाहुण्याला आपण 'राहता कोठे?' असे विचारतो, आणि थोड्या वेळाने 'मूळचे कोठले?' असेही विचारतो. पहिल्या प्रश्नाच्या उत्तराने आपले पुरते समाधान होत नाही. शब्दांचा हा भेद बराच काळ उपयोगी पडला, कारण मुंबईस पोट भरणारा माणूस शिमग्याला गावी परतत असे आणि त्याचा मुक्काम खरोखरच 'हल्ली'चा असे.

कचेरीच्या छापील नमुन्यांत याच जोडीचे रूपांतर 'सध्याचा पत्ता' आणि 'कायमचा पत्ता' असे झाले. येथे अर्थाची एक गफलत आहे. 'कायमचा' हे विशेषण शब्दशः भविष्याकडे पाहणारे आहे. परंतु 'कायमचा पत्ता' या रकान्यात आपण भूतकाळ लिहितो. जेथे वडिलांचे घर आहे, शिधापत्रिकेवर नाव आहे, कुलदैवत आहे, ते गाव आपण तेथे पुन्हा राहावयास जाणार नसलो तरी 'कायमचे' ठरते. शिवाय हा रकाना आपल्याकडे सशर्त मानला जात नाही. तो भरलाच पाहिजे अशी समजूत आहे.

या दोन वाचनांतील अंतर एका कल्पित उदाहरणाने स्पष्ट होईल. एक तरुणी मूळची सातारा जिल्ह्यातील आहे. बारा वर्षे ती बंगळुरात नोकरी करीत आहे, तेथेच तिने घर घेतले आहे आणि परत येण्याचा तिचा विचार नाही. तेथील एका कन्नडभाषिक तरुणाशी ती विवाह करू पाहते. संहितेच्या शब्दांप्रमाणे ती बंगळुरात कायमपणे राहते. तिसरे उपकलम तिला लागूच होत नाही. परंतु 'कायमचा पत्ता' या सवयीच्या शब्दाखाली तिने सातारा लिहिले, की नोटिशीची प्रत साताऱ्यास धाडण्याचे कारण उपस्थित होते. संहितेने विचारले होते, तू कोठे राहतेस. तिने उत्तर दिले, मी कोठली आहे. ज्या विवाहास घरच्यांचा विरोध असेल, त्यात या दोन उत्तरांमधील अंतर केवळ कोशगत राहत नाही. कित्येकदा त्यावर विवाहाची सिद्धी आणि त्या दोघांची सुरक्षितताही अवलंबून असते.

५

अशाच दुसऱ्या अर्थांतराची दखल न्यायालयास घ्यावी लागली. प्रत दुसऱ्या जिल्ह्याच्या कचेरीत लावावयाची, असे कलम सांगते. पक्षांच्या घरी ती धाडावी असे ते कोठेही सांगत नाही. तरीही दिल्लीत नोटीस घरच्या पत्त्यावर पाठविण्याची पद्धत पडली होती. २००९ मध्ये प्रणवकुमार मिश्र यांच्या अर्जावर दिल्ली उच्च न्यायालयाने ती कायद्यास धरून नाही असे ठरविले. पुढे १२ जानेवारी २०२१ रोजी अलाहाबाद उच्च न्यायालयाने साफिया सुलताना खटल्यात याच्याही पुढचे पाऊल टाकले : पक्षांनी लेखी मागणी केली तरच नोटीस प्रसिद्ध करावी, एरव्ही ती सक्तीची मानू नये. दिल्लीच्या निर्णयाने संहितेबाहेरची प्रथा काढून टाकली. अलाहाबादच्या निर्णयाने मात्र संहितेतील आज्ञार्थास ऐच्छिकाचा अर्थ दिला. फलाच्या दृष्टीने तो स्वागतार्ह आहे. तथापि शब्दांच्या दृष्टीने दोहोंची जात एक नव्हे, हे अभ्यासकाने विसरू नये.

मुदतींचा विचारही शब्दांवरूनच करावा लागतो. सातव्या कलमातील हरकतीचे तीस दिवस सहाव्या कलमाच्या दुसऱ्या उपकलमाखालील प्रसिद्धीपासून, म्हणजे पहिल्या कचेरीतील प्रसिद्धीपासून मोजावयाचे आहेत. दुसऱ्या जिल्ह्यात प्रत केव्हा लागली याचा त्या गणनेशी संबंध जोडलेला दिसत नाही. नव्याने जिल्ह्यात आलेल्या जोडप्यास निवासाचे तीस आणि हरकतीचे तीस असे सुमारे दोन महिने मोजावे लागतात. उलट, नोटीस दिल्यापासून तीन महिन्यांत विवाह न झाल्यास चौदाव्या कलमान्वये ती नोटीस रद्द होते.

'हरकत' हा शब्दही आपल्याकडे फार ऐसपैस आहे. 'आमची हरकत आहे' असे म्हणणारा मराठी मनुष्य कारण सांगण्यास बांधलेला नसतो. सातव्या कलमातील हरकत मात्र चौथ्या कलमापुरतीच मर्यादित आहे : हयात पती वा पत्नी, मानसिक असमर्थता, वराचे एकवीस व वधूचे अठरा हे किमान वय, आणि निषिद्ध नाते. जात, धर्म, भाषा वा पालकांची नाराजी यांस त्या यादीत स्थान नाही.

६

प्रसिद्धीच्या बाजूने एक गंभीर युक्तिवाद आहे आणि तो टाळणे योग्य होणार नाही. परगावी जाऊन आपला पहिला विवाह लपविणाऱ्याचा पत्ता त्याच्या मूळ गावीच लागू शकतो. तेव्हा तेथे वार्ता गेलीच पाहिजे, असे म्हटले जाते. पहिल्या पत्नीच्या हिताचा हा विचार क्षुल्लक नाही. परंतु त्याच हेतूसाठी अकराव्या कलमाखाली प्रतिज्ञापन घेतले जाते आणि खोट्या प्रतिज्ञापनास शिक्षा आहे. शिवाय १९५५ च्या हिंदू विवाह अधिनियमाखाली होणाऱ्या विवाहास, तो कोणत्याही राज्यात होवो, पूर्वनोटीस नाही आणि निवासाची अटही नाही. द्विभार्याविवाहाचा धोका तेथे कमी आहे असे कोणी म्हणणार नाही. एकधर्मीयांच्या विवाहात ज्या प्रसिद्धीवाचून भागते, तीच भिन्नधर्मीयांच्या विवाहात अपरिहार्य का मानावी, याचे उत्तर या युक्तिवादातून मिळत नाही.

७

या अधिनियमात भाषेविषयीचा प्रत्यक्ष उल्लेख एका ठिकाणी येतो आणि तो आनंद देणारा आहे. बाराव्या कलमाप्रमाणे विवाहाचा विधी कोणत्याही प्रकारे करता येतो. परंतु विवाह अधिकारी व तीन साक्षीदार यांच्या समक्ष दोघांनी परस्परांचा स्वीकार केल्याचे वाक्य उच्चारल्यावाचून तो पुरा होत नाही. हे वाक्य दोन्ही पक्षांना समजेल अशा कोणत्याही भाषेत चालते. ती राज्याची राजभाषा असावी असे बंधन नाही. अधिकाऱ्यास ती समजली पाहिजे असेही त्या वाक्यात नाही. वाक्य उच्चारणे हीच कृती असते, असा सिद्धान्त जे. एल. ऑस्टिन यांनी १९५५ च्या हार्वर्ड येथील व्याख्यानांत मांडला. त्याच्या एक वर्ष आधी भारतीय संसदेने या कलमात तेच तत्त्व व्यवहारात आणलेले दिसते. आपल्याकडे भटजी 'लग्न लावतो'. येथे लावणारा तिसरा कोणी नाही, दोघांचे शब्दच लग्न लावतात.

जी संहिता विवाहाच्या क्षणी माणसाला त्याची भाषा निवडू देते, तिने त्यापूर्वीच्या साठ दिवसांत त्याला त्याच्या मूळ गावाशी बांधून ठेवावे, हा विसंवाद आहे. तो दूर करण्याचे मुख्य काम संसदेचे व न्यायालयांचे आहे. परंतु एक लहानसे काम भाषाभ्यासकांच्या आणि परिभाषाकारांच्या आवाक्यातील आहे. मराठी नमुन्यांत 'कायमचा पत्ता' या संदिग्ध पदाऐवजी 'सध्याचे ठिकाण तात्पुरते असल्यास, जेथे कायम राहता ते ठिकाण' असे लांबट पण अचूक शब्द घालावेत, आणि तसे नसल्यास रकाना रिकामा ठेवावा ही सूचनाही तेथेच छापावी. ज्याचा मुक्काम आता 'हल्ली'चा उरलेला नाही, त्याला तसे लिहिता आले पाहिजे.