कॅमेरा फायलीवर कधी येणार?

दक्षिण कोरियातून दत्तक गेलेल्यांवरचे माहितीपट ओळीने पाहिले की त्यांचा साचा पाठ होतो. विमानतळ, दुभाषी, जन्मदात्या आईची मिठी, परतीचे विमान. 1953 नंतर या देशाने सुमारे दोन लाख मुले परदेशी पाठवली. त्यांतली काही दिग्दर्शक झाली आणि त्यांनी कॅमेरा आधी स्वतःवर रोखला, यात नवल नाही. पण भेटीतल्या रडण्यावर गोष्ट संपवायची खोड या प्रकाराला लागली ती लागलीच.

हा साचा रुळवण्यात ज्यांचा वाटा मोठा, त्या डीॲन बोर्शे लीम यांनीच तो मोडलाही. 1966 मध्ये त्या कॅलिफोर्नियातल्या फ्रेमाँटला एका कुटुंबात आल्या, तेव्हा कागदोपत्री त्यांचे नाव होते चा जंग ही. खऱ्या चा जंग हीला तिचे वडील अनाथाश्रमातून घरी घेऊन गेले होते. तिकडे अमेरिकेतले कुटुंब तर वाट पाहत होते. मग आश्रमाने कांग ओक जिन नावाची दुसरीच मुलगी त्या नावावर पाठवून दिली. या मुलीची आई हयात होती, भावंडे होती. काही बोलू नकोस, एवढे तिला बजावलेले होते.

‘फर्स्ट पर्सन प्लुरल’ (2000) मध्ये दत्तक वडिलांनी हौसेने टिपलेल्या घरगुती चित्रफिती आहेत. त्यांतली गोड मुलगी पाहताना अस्वस्थ व्हायला होते. एका प्रसंगी दत्तक बहीण विमानतळावरची आठवण सांगते: आई आधी भलत्याच मुलीकडे गेली होती, पण त्याने काय बिघडले, त्यांतली एक आमचीच होती ना! हे ती हसत, अगदी मायेने सांगते. दिग्दर्शिका त्यावर भाष्य करत नाही, आणि तेच बरे. लाखभर शब्दांच्या अहवालाला जे साधणार नाही, ते या एका हसण्यात आहे. पुढे जन्मदात्री आणि दत्तक, दोन्ही आया कोरियात गुन्सानच्या घरात एकत्र बसतात. हा प्रसंग गाजला. मला मात्र तो थोडा जुळवून आणलेला वाटतो.

दहा वर्षांनी आलेला ‘इन द मॅटर ऑफ चा जंग ही’ त्याहून सरस आहे. दिग्दर्शिका ज्या मुलीच्या नावावर अमेरिकेला आली, तिलाच शोधायला निघते. कोरियात या नावाच्या बायका अनेक. एकेकीच्या दारात जायचे, चहा घ्यायचा, जुना फोटो पुढे करायचा. भेटी होत राहतात, खात्री मात्र होत नाही. इथे खलनायक कुणी माणूस नाही, फाइल आहे. ‘जिऑग्रफीज ऑफ किनशिप’ (2019) मध्ये बोर्शे लीम चार दत्तकांच्या कहाण्यांतून सगळा इतिहास सांगू पाहतात. माहिती भरपूर, पण चित्रपट वर्गातल्या तासासारखा वाटू लागतो.

बाकीच्यांत ‘ट्विन्स्टर्स’ (2015) इंटरनेटवर सापडलेल्या जुळ्या बहिणींच्या आनंदातच रमतो. सुन ही एंगेलस्टॉफ्ट यांच्या ‘फर्गेट मी नॉट’ची जात वेगळी. जन्माने कोरियन आणि डेन्मार्कमध्ये वाढलेल्या या दिग्दर्शिकेने कॅमेरा जेजू बेटावरच्या अविवाहित मातांच्या आश्रमात नेला. मूल द्यायचे की ठेवायचे, हा निर्णय त्या पोरींच्या हाती फारसा उरत नाही, हे तिथे समोर घडताना दिसते. मूल सोडणारी आई इतर चित्रपटांत शेवटी रडायला येते, इथे ती सुरुवातीपासून आहे.

आणि तरीही एक टेबल सगळ्यांनी चुकवले. खोटी नोंद लिहिणारा कारकून, सही करणारा अधिकारी, मुलांमागे पैसे घेणारी संस्था यांच्यावर या परंपरेतला एकही चित्रपट पूर्ण वेळ थांबलेला मला दिसला नाही. ते काम 2024 मध्ये ॲसोसिएटेड प्रेस ही वृत्तसंस्था आणि ‘फ्रंटलाइन’ हा अमेरिकी दूरचित्रवाणी कार्यक्रम यांच्या पत्रकारांनी केले. पुढे मार्च 2025 मध्ये कोरियाच्या सत्य व समेट आयोगाने खोटी कागदपत्रे आणि ओळखींची अदलाबदल झाल्याचे मान्य केले. चौकशीसाठी अर्ज केलेल्या 367 दत्तकांपैकी 56 जणांना त्या वेळी पीडित ठरवण्यात आले.

यांतला एकच पाहायचा असेल तर ‘चा जंग ही’ पाहा. ‘फर्स्ट पर्सन प्लुरल’ आधी पाहिलाच पाहिजे असे नाही.