चांदोबाचा डोळा

संकष्टीच्या दिवशी माझी बेरीज चुकते, हे आमच्या शाखेत सर्वमान्य आहे. खिचडीवर दिवस काढलेल्या कारकुनाकडून हिशेब जुळावा, ही अपेक्षाच मुळी अन्यायाची! तर अशाच एका संकष्टीला नारायणगावी गच्चीवर मी, आई आणि झाकून ठेवलेले मोदक चंद्रोदयाची वाट पाहत होतो. पंचांगातली वेळ टळली होती. ढग नेमके खोडदच्या बाजूला. तिथल्या ३० अवाढव्य दुर्बिणी ढगांपलीकडच्या दीर्घिकांचे रेडिओतरंग टिपतात म्हणे. पण आईचा उपास सोडवण्याच्या कामी त्यांचा काडीचा उपयोग नाही.

वेळ काढायला म्हणून मोबाइलवर जॉर्ज मेलिएसचा १९०२ सालचा चंद्रसफरीचा मूकपट लावला. लांबी सुमारे १४ मिनिटे. उपाशी माणसाला झेपेल इतकीच.

मेलिएस मुळात जादूगार. कॅमेरा एका जागी घट्ट, सगळा खेळ रंगवलेल्या पडद्यांपुढे. तमाशाच्या तंबूत वग पाहिलेल्या आमच्या गावाला हे मुळीच परके नाही. चंद्र जवळ आणायचा, तर या पठ्ठ्याने कॅमेरा न हलवता चंद्र झालेल्या नटालाच खुर्चीसकट पुढे ओढले! आणि मग ते यान खचकन चंद्राच्या डोळ्यात.

"अगं बाई! लागलं असेल रे त्याला."

चंद्राला चेहरा आहे, हे मेलिएसने गंमत म्हणून दाखवले; आईला ते आधीच ठाऊक होते. तिचा चंद्र गणपतीला हसून शाप भोगून बसलेला. २३ ऑगस्ट २०२३ ला चांद्रयान-३ उतरले, तेव्हा तिने टीव्हीला हात जोडले खरे, पण त्या खड्ड्यांशी तिची ओळख काही पटली नाही.

पुढे छत्रीचा फटका बसताच चंद्रवासीयांचा धूर होतो. कॅमेरा थांबवून नट काढून घ्यायची ही युक्ती आजही झकास. मी खो खो हसलो. आई माहेरची घोडेगावची. आंबेगाव तालुक्याचा रोखठोकपणा तिच्यात पुरेपूर.

"दुसऱ्याच्या घरी जायचं आन् त्यालाच बडवायचं? हसतोस काय?"

शेवटी एक चंद्रवासी पकडून आणून मिरवणुकीत नाचवतात, तेव्हा माझे हसू आटले. जाणकार म्हणतात, ही त्या पंडितांचीच टिंगल आहे. असेल. पण मला वाटते, मेलिएस त्यांच्या टोप्यांना हसतो, छत्रीला नाही.

तेवढ्यात ढग सरले. आईने अर्घ्य दिले, अक्षता वाहिल्या आणि जरा थांबून वर निरखून पाहिले.

"डोळा बरा दिसतोय," ती म्हणाली. "चल, पानं घेते."