लघुपटातील नर्तकी आणि हरवलेले विडंबन

प्रस्तावना :
मूकपटाच्या आरंभकाळातील नृत्यविषयक लघुपटांचा तमाशाच्या संदर्भात विचार करणे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. ‘बर्लेस्क’ या संज्ञेचा मूळ अर्थ विडंबन. १८६८ मध्ये लिडिया थॉम्पसन हिचा इंग्रजी नाट्यसंच न्यूयॉर्कला गेला, तेव्हा त्यातील स्त्रिया पुरुषवेशात पुराणकथेची थट्टा करीत होत्या. पुढे या प्रकारात देहप्रदर्शनाला महत्त्व आले व विडंबन मागे पडले.

विवेचन :
१८९६ मध्ये एडिसनच्या कंपनीने फातिमा या नावाने ओळखल्या जाणाऱ्या नर्तकीचे नृत्य चित्रित केले. या मूक लघुपटाच्या एका प्रतीत तिच्या वक्षावर व कमरेवर कुंपणासारखे पांढरे पट्टे उमटविलेले दिसतात. हे पट्टे म्हणजे नीतिरक्षणाचा प्रयत्न, असे सामान्यतः मानले जाते. प्रस्तुत लेखकाच्या मते, खरी काटछाट त्यापूर्वीच झाली होती. नर्तकीचा शब्द आणि तिच्यासमोरचा प्रेक्षक कॅमेऱ्याने आधीच वगळला होता. पट्ट्यांनी देह झाकला. पण त्याचबरोबर, येथे पाहण्याजोगा केवळ देहच आहे, असेही जाहीर केले.

तमाशाच्या गौळणीत वाट अडविणारा कृष्ण, त्याचा सवंगडी पेंद्या, मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गौळणी आणि पुरुषाने वठविलेली मावशी यांच्या संवादांतून देवत्वाचीही खुशाल थट्टा होते. लावणीत नर्तकी रसिकाच्या फर्माइशीला शब्दाने व नजरेने उत्तर देते. अर्थात, हा प्रतिवाद म्हणजे स्वातंत्र्य नव्हे. दौलतजाद्यावर पोट अवलंबून असलेल्या स्त्रीच्या थट्टेला मर्यादा असतात. तथापि, ती केवळ पाहिली जात नाही. तीही पाहते, हे नाकारता येत नाही.

हिंगोलीलगतच्या नांदेड जिल्ह्यातील माळेगावच्या यात्रेत लावणी आजही सादर होते. भ्रमणध्वनीवर मात्र तिचे काही सेकंदांचे तुकडे फिरतात. त्यांत ठेका असतो, कंबर असते. सवाल, जवाब आणि हशा नसतो. एडिसनचा लघुपट जणू पुन्हा अवतरतो.

निष्कर्ष :
लोककलेच्या दस्तऐवजीकरणात नृत्याचा तुकडा पुरेसा नाही. गणापासून वगापर्यंतचा संपूर्ण प्रयोग, प्रेक्षकांच्या प्रतिसादासह, ध्वनिचित्रमुद्रित झाला पाहिजे. अन्यथा भावी अभ्यासकाच्या हाती नर्तकीचा देह लागेल, तिचे म्हणणे लागणार नाही.